तीन आठवडे झाले तरी चवडा टेकवत नाही. ही मुरगळ की लिस्फ्रँक अस्थिबंधाची इजा?

पोफळीची_सावली

मी गोव्यात सत्तरी तालुक्यात राहते, वय ४३, प्राथमिक शाळेत शिकवते. जुलैच्या पहिल्या आठवड्यात कुळागरात (पोफळी-नारळाच्या बागेत) पडलेल्या झावळ्या गोळा करताना पाट ओलांडत होते, तेव्हा उजव्या पायाचा चवडा पाटाच्या काठावरच्या दोन चिऱ्यांमधल्या फटीत रुतला. टाच वर, बोटे खाली आणि हातातल्या ओझ्यामुळे सगळे अंग पुढे, अशा अवस्थेत मी पडले. पाय मात्र फटीतून सुटला नाही. चपलेचा पट्टा जिथे येतो तिथे आत काहीतरी तटकन तुटल्यासारखे वाटले. घोट्याला काहीच झाले नव्हते, हे मी मुद्दाम लिहिते, कारण त्यानंतर ज्याने ज्याने पाय पाहिला त्याने घोटाच दाबला.

त्याच संध्याकाळी एका दवाखान्यात झोपवून एक्स-रे काढला. हाड मोडलेले नाही, साधी मुरगळ आहे, असे सांगून क्रेप बँडेज आणि पाच दिवसांच्या गोळ्या दिल्या. तिसऱ्या दिवशी बँडेज सोडले तेव्हा तळव्याच्या खोलगट भागात पिकलेल्या जांभळाच्या रंगाचा डाग दिसला. पडताना तळवा कशावरही आपटला नव्हता, त्यामुळे तो डाग तिथे आला कसा, हे मला उमगले नाही. आज तीन आठवड्यांनंतरही सूज सकाळी उतरते आणि शाळा सुटेपर्यंत पुन्हा चढते. टाचेवर भार देऊन मी चालते, परंतु फळ्याच्या वरच्या ओळीत लिहिण्यासाठी चवड्यावर उभे राहायला गेले की पायाच्या मधोमध कळ येते आणि मी खाली येते. त्यामुळे हल्ली माझा फळा अर्धाच भरतो.

नर्सिंग शिकणाऱ्या माझ्या भाचीने फोनवर सगळे ऐकून ‘लिस्फ्रँक’ हा शब्द सांगितला. हा अस्थिबंध, म्हणजे हाडाला हाड बांधणारी पट्टी, नेमका कुठे असतो, तो तुटला असेल तर एक्स-रे चांगला कसा येतो आणि शस्त्रक्रियेवाचून तो जुळतो का, हे जाणकारांनी कृपया समजावून सांगावे.

मूठभर_मीठ

ताई, घाबरून जाऊ नका. आमच्या घरी असल्या मुरगळीवर निगडीचा पाला वाफवून बांधतात आणि वर गरम मिठाच्या पुरचुंडीने शेक देतात. त्याने भागले नाही तर गावोगावी शिरा बसवणारे असतात. एका झटक्यात पाय मोकळा करतात. एक्स-रेत हाड शाबूत आहे म्हटल्यावर शस्त्रक्रियेचा विषय कशाला काढायचा?

हाडांचा_डॉक्टर

मी फोंड्यात अस्थिरोगाची प्रॅक्टिस करतो. पाय हातात घेतल्याशिवाय निदान करू नये, आणि मी ते इथे करणार नाही. तरीही चवडा अडकलेला असताना अंग पुढे जाणे, दुखणे घोट्यात नसून पायाच्या पाठीवर मधोमध असणे आणि तळव्यावर काळानिळा डाग पडणे, या तीन गोष्टी एकाच रुग्णात दिसल्या की इजा लिस्फ्रँकची नाही हे सिद्ध होईपर्यंत ती आहे असेच धरून चालावे, असे आम्हाला शिकवले जाते. निगडीच्या पाल्याशी माझे भांडण नाही, परंतु शिरा बसवणाऱ्याकडे या पायाने जाऊ नका. जे सैल झाले आहे त्यालाच तो हिसका देईल.

आधी रचना सांगतो, कारण ती लक्षात आल्याशिवाय एक्स-रे कसा फसवतो ते कळत नाही. बोटांच्या मागे तळपायात पाच लांब हाडे असतात, त्यांना मेटाटार्सल म्हणतात. त्यांच्या बुडाशी, पायाच्या आतल्या बाजूला क्युनिफॉर्म नावाची तीन हाडे शेजारी शेजारी असतात आणि बाहेरच्या बाजूला क्युबॉइड नावाचे एक हाड असते. क्युनिफॉर्म म्हणजे पाचरीच्या आकाराचे. जुन्या घराच्या दारावरची चिऱ्यांची कमान डोळ्यांसमोर आणा: दगड वर रुंद आणि खाली निमुळते घडवलेले असतात, म्हणून वरून जितका भार येईल तितके ते एकमेकांत घट्ट बसतात. पायाचा आडवा छेद घेतला तर ही हाडे अगदी अशीच मांडलेली दिसतात, आणि त्या कमानीच्या माथ्यावरचा दगड म्हणजे दुसऱ्या मेटाटार्सलचे बूड. शिवाय मधले क्युनिफॉर्म शेजारच्या दोघांपेक्षा आखूड असल्यामुळे तिथे एक खाच तयार होते आणि दुसऱ्या मेटाटार्सलचे बूड, सुताराने दांडा खाचेत ठोकून बसवावा तसे, त्या खाचेत आत शिरलेले असते.

आता अस्थिबंध. आतल्या क्युनिफॉर्मच्या बाहेरच्या अंगापासून तो निघतो आणि तिरका जाऊन दुसऱ्या मेटाटार्सलच्या बुडाला आतल्या बाजूने चिकटतो. लांबीला जेमतेम एक सेंटिमीटर, म्हणजे करंगळीच्या नखाएवढा. एवढ्याशा पट्टीला इतके महत्त्व का, तर दुसऱ्यापासून पाचव्यापर्यंतची चार मेटाटार्सल हाडे बुडाशी एकमेकांना आडव्या बंधांनी बांधलेली असतात, परंतु पहिल्या आणि दुसऱ्याच्या बुडांमध्ये असा आडवा बंध निसर्गाने दिलेलाच नाही. बाहेरच्या चौघांची साखळी आतल्या बाजूला मुख्यतः या तिरक्या पट्टीनेच धरून ठेवलेली असते. ती सुटली की दुसरे हाड खाचेतून सरकते आणि बाकीची तिघे त्याच्यामागे जाऊ लागतात.

या जागी बंधांचे तीन थर असतात: पायाच्या पाठीकडचा थर सर्वांत दुबळा, तळव्याकडचा त्याहून बळकट आणि हाडांच्या मधला, ज्याला आपण लिस्फ्रँकचा म्हणतो तो, सर्वांत मजबूत. बोटे खाली रोवलेली असताना अंगाचा भार पुढे गेला की कमान वरून उघडते, पाठीकडचा दुबळा थर आधी फाटतो आणि जोर पुरेसा असेल तर फाटणे खालपर्यंत पोहोचते. तळव्याकडचे बंध फाटले की त्यांतले रक्त तळव्याच्या कातडीखाली उतरते. तुमच्या जांभळ्या डागाचे कारण बहुधा हेच आहे. तो आपटल्याचा डाग नव्हे.

नेहमीच्या मुरगळीत तुटतो तो बंध वेगळाच असतो. घोट्याच्या बाहेरच्या हाडाच्या किंचित पुढे, फिब्युला आणि टॅलस या हाडांना जोडणारा तो बंध, पाय आत वळला की ताणला जातो. पाय मुरगळलेल्या माणसांत बहुसंख्यांना तीच इजा असते, म्हणून तपासणाऱ्याचा हात सवयीने घोट्यावर जातो.

एक्स-रेबद्दल. झोपलेल्या माणसाच्या पायावर भार नसतो, आणि भार नसला की बंध तुटलेली हाडेही निमूटपणे आपापल्या जागी बसून राहतात. पहिल्या एक्स-रेत या इजांपैकी सुमारे २० टक्के सुटून जातात, असे आमची पाठ्यपुस्तके सांगतात. तुम्हाला हवा आहे तो उभे राहून, दोन्ही पायांवर सारखा भार देऊन, दोन्ही पाय एकाच फिल्मवर घेतलेला एक्स-रे. त्यात दुसऱ्या मेटाटार्सलची आतली कड आणि मधल्या क्युनिफॉर्मची आतली कड एका सरळ रेषेत आली पाहिजे. आतले क्युनिफॉर्म आणि दुसरे मेटाटार्सल यांच्यातली फट चांगल्या पायाच्या तुलनेत २ मिलिमीटरहून अधिक असेल तर बंध सैल झाला आहे असे समजतात. कधी कधी त्या फटीत तांदळाच्या कणीएवढा हाडाचा तुकडा दिसतो. बंधाने तुटताना तो सोबत ओढून आणलेला असतो आणि तो दिसला की निदानाबद्दल शंका उरत नाही. बारीक मोड पाहायला सीटी स्कॅन आणि प्रत्यक्ष बंध पाहायला एमआरआय, परंतु सुरुवात उभ्याच्या एक्स-रेने करा. पहिल्या दिवशी वेदनेमुळे माणूस उभाच राहू शकत नाही, म्हणून तो दहा ते चौदा दिवसांनी पुन्हा काढायचा असतो. हेच दुसरे बोलावणे अनेकांच्या बाबतीत राहून जाते.

जाता जाता नावाविषयी. जाक लिस्फ्रँक (१७९०–१८४७) हे नेपोलियनच्या काळातले फ्रेंच सर्जन. १८१५ मध्ये त्यांनी या सांध्यांच्या ओळीतून पायाचा पुढचा भाग कापून काढण्याची पद्धत लिहिली, हाडांवर करवत न चालवता, झटपट. म्हणजे आज जो बंध वाचवण्यासाठी आम्ही धडपडतो त्याला कापणाऱ्याचे नाव मिळाले आहे.

आणखी एक गोष्ट विचारून ठेवतो. तुम्हाला मधुमेह आहे का? २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आयसीएमआरच्या (भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या) देशव्यापी पाहणीत गोव्यात मधुमेहाचे प्रमाण २६.४ टक्के, देशात सर्वाधिक, आढळले. जुन्या मधुमेहात संवेदना गेलेल्या पायाची हीच सांध्यांची ओळ फारशी वेदना न होता ढासळू शकते. पाय गरम, लाल, सुजलेला आणि तरी फारसा दुखत नाही, असे असेल तर ते प्रकरण वेगळे आणि तितकेच तातडीचे आहे.

तोपर्यंत या पायावर भार देऊ नका. टाचेवर चालणे हीसुद्धा सूट नव्हे.

उजवा_बचाव

मी पेडण्याचा. माझी इजा ताईंच्या इजेपेक्षा वेगळ्या रीतीने झाली, पण शेवटी तुटले तेच. पावसाने भिजलेल्या मैदानावर सामना चालू होता. मी चवडा रोवून वळत होतो, टाच उचललेली होती, आणि समोरचा गडी घसरून नेमका माझ्या टाचेवर येऊन पडला. वरून भार, खाली रोवलेली बोटे आणि मधला भाग दुमडला. मलाही मुरगळच सांगितली गेली. निगडीचा पाला मीही बांधला, शिरा बसवणाऱ्याकडेही जाऊन आलो, आणि दोन महिन्यांनी पुन्हा मैदानात उतरण्याचा शहाणपणाही केला.

चार महिन्यांनी उभ्याने एक्स-रे काढला तेव्हा फट स्पष्ट दिसत होती आणि आतली कमान खाली बसली होती. ओल्या पायाने शहाबादी फरशीवर उभे राहिलो की डाव्या पायाचा ठसा मधे अरुंद उमटायचा आणि उजव्याचा जवळजवळ पूर्ण तळवाच उमटायचा. हे पहिल्यांदा आईच्या लक्षात आले, माझ्या नव्हे. तोपर्यंत सांध्याची कूर्चा (हाडांच्या टोकांवरचे गुळगुळीत आवरण) झिजली होती, म्हणून हाडे जागेवर आणून नुसती धरून ठेवण्याचा पर्याय उरला नव्हता. आतले सांधे प्लेट आणि स्क्रूने कायमचे जोडून टाकले. आज तीन वर्षांनी मी दिवसभर उभा राहून दुकान चालवतो, दुचाकी चालवतो, शिगम्यात रोमटात (मिरवणुकीत) चालतो. धावणे मात्र गेले, आणि अनवाणी पायाने चिऱ्यांच्या अंगणात चालायचे तर आजही कपाळाला आठी पडते.

ताई, तुम्ही तिसऱ्या आठवड्यात विचारता आहात. मी सतराव्या आठवड्यात विचारले होते. गोवा सरकारच्या दीनदयाळ स्वास्थ्य सेवा योजनेचे कार्ड असेल तर सोबत न्या आणि शस्त्रक्रियेची वेळ आलीच तर प्लेट-स्क्रूंचा खर्च त्यात कितपत बसतो ते दाखल होण्यापूर्वी लेखी विचारून घ्या.

पोफळीची_सावली

सर्वांचे मनापासून आभार. परवा उभ्याने एक्स-रे काढला आणि काल सीटी स्कॅन झाला. उजव्या पायातली फट डाव्यापेक्षा ३ मिलिमीटरने जास्त आहे, कमानीची उंची मात्र दोन्हीकडे सारखी आहे, हाड मोडलेले नाही. मला मधुमेह नाही. तपासताना डॉक्टरांनी एका हाताने पायाचा मधला भाग धरला आणि दुसऱ्या हाताने दुसऱ्या बोटामागचे हाड, पेटीची पट्टी दाबावी तसे, वरखाली केले. तेव्हा मी टेबलावरून उठूनच बसले.

त्यांनी शस्त्रक्रिया करावी असे सांगितले असून दोन मार्ग ठेवले आहेत: हाडे जागेवर आणून प्लेट किंवा स्क्रूने धरून ठेवणे, किंवा सांधे आताच कायमचे जोडून टाकणे. सांधा कायमचा जोडायचा या कल्पनेनेच मला धडकी भरते. वयाच्या ४३व्या वर्षी पाय लाकडासारखा होणार का?

हाडांचा_डॉक्टर

लाकडासारखा होणार नाही. पाय वरखाली होतो तो घोट्याच्या सांध्यात, आणि घोट्याला कोणी हात लावणार नाही. पहिला, दुसरा आणि तिसरा मेटाटार्सल सांधा मुळातच फार थोडा हलतो, त्यातही दुसरा जवळजवळ नाहीच. खाचेत बसवलेल्या दांड्याने हलावे अशी अपेक्षाच नसते. पाय खडबडीत जमिनीशी जुळवून घेतो तो बाहेरच्या बाजूच्या चौथ्या आणि पाचव्या सांध्यांमुळे, आणि ते आम्ही कायमचे जोडत नाही.

नन्ली आणि व्हर्टुलो यांनी खेळाडूंच्या इजांसाठी २००२ साली मांडलेली वर्गवारी लावली तर फट १ ते ५ मिलिमीटर आणि कमान शाबूत म्हणजे दुसरी पायरी. पहिल्या पायरीत, म्हणजे उभ्याच्या एक्स-रेतही फट नसेल तेव्हा, सहा आठवडे प्लास्टर किंवा बूट आणि पायावर शून्य भार एवढ्यावर भागते. दुसऱ्या पायरीत शस्त्रक्रियेकडेच कल असतो, कारण फट राहिली तर बंध लांबट आणि सैल जुळतो.

आता दोन मार्गांविषयी. धरून ठेवण्याच्या शस्त्रक्रियेत सांधा वाचतो, परंतु स्क्रू बहुधा काही महिन्यांनी काढावे लागतात, आणि त्या मुदतीत बंध पुरेसा बळकट जुळला नाही तर हाडे पुन्हा सरकू शकतात. हाड मोडले असते तर हाड हाडाला जुळते आणि ते भरवशाचे असते. तुमच्यासारखी केवळ बंधाची इजा त्या मानाने दगा देणारी, ऐकायला ती सौम्य वाटत असली तरी. २००६ साली अमेरिकेतून प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात अशाच केवळ बंधाच्या इजा असलेल्या ४१ रुग्णांची तुलना केली होती आणि आरंभीच सांधे जोडलेल्यांची स्थिती पुढे अधिक चांगली राहिली. २००९ च्या दुसऱ्या अभ्यासात चालण्याफिरण्यात दोन्ही गटांत विशेष फरक दिसला नाही, मात्र धरून ठेवलेल्यांना पुन्हा शस्त्रक्रियेच्या टेबलावर जास्त वेळा जावे लागले. माझा स्वतःचा कल तुमच्या बाबतीत जोडण्याकडे झुकतो; विशीतला खेळाडू असता तर कदाचित झुकला नसता. तरीही टेबलावर सांधा उघडल्यावर कूर्चा कशी दिसते हे पाहणारा सर्जनच अखेरचा शब्द देईल, आणि तो शब्द माझ्या शब्दापेक्षा वजनदार माना.

वेळ दवडू नका. पहिल्या सहा आठवड्यांत हाडे जागेवर आणणे सोपे असते, नंतर मधल्या फटीत व्रणाची गाठ भरते. सूज उतरून कातडीवर बारीक सुरकुत्या दिसू लागल्या की सर्जन तारीख देतील; सुजलेल्या पायावर छेद घेतला तर जखम भरत नाही, म्हणून त्या आधी त्यांनी थांबायला सांगितले तर ती चालढकल समजू नका.

चालती_बोलती

मी म्हापशात फिजिओथेरपिस्ट आहे. शस्त्रक्रियेपेक्षा नंतरचे सहा ते आठ आठवडे रुग्णाला जड जातात, म्हणून घराची तयारी आजच करा. पावसाळ्यात चिऱ्यांच्या पायऱ्यांवर शेवाळ असते आणि कुबडीचे रबर त्यावर साबणासारखे सरकते. पायऱ्या ब्रशने खरवडून घ्या, कुबड्यांची रबरे नवी लावा, न्हाणीघरात प्लास्टिकची खुर्ची ठेवा. पायऱ्या चढताना चांगला पाय आधी, उतरताना दुखरा पाय आणि कुबड्या आधी. पाय उशीवर, छातीपेक्षा उंच. खुर्चीवरून लोंबकळत ठेवलात तर तासाभरात तो वांग्याच्या रंगाचा होतो.

भार द्यायला परवानगी मिळाल्यावर पोटरी पाहून धक्का बसेल, इतकी ती वाळलेली असते. आधी बसून टाच उचलणे, मग दोन्ही पायांवर उभे राहून, आणि सगळ्यात शेवटी एकट्या उजव्या पायावर. ही शेवटची पायरी गाठायला अनेकांना सहा महिने लागतात, काहींना वर्ष. तुमच्या फळ्याची वरची ओळ तिथे आहे, ताई. मधे न वाकणारा, कडक तळव्याचा बूट आणि कमानीखाली आधार काही महिने वापरावा लागेल. इजा उजव्या पायाची असल्यामुळे ब्रेक जोरात दाबता येईपर्यंत गाडी चालवायची नाही. आणि स्कूटरचा ब्रेक हाताने लागतो हा युक्तिवाद मी रोज ऐकते, परंतु सिग्नलला पाय टेकवायचा कोणता, हे त्यावर कोणी सांगत नाही.

पोफळीची_सावली

तारीख मिळाली. पुढच्या बुधवारी बांबोळीला सरकारी इस्पितळात दाखल होणार असून सांधे जोडण्याचे ठरले आहे. एक शेवटची शंका विचारते, ती हास्यास्पद वाटली तर क्षमा असावी. चवथ (गणेश चतुर्थी) शस्त्रक्रियेनंतर सहाव्या आठवड्यात येते. आमच्या घरी माटोळी (गणपतीच्या वर टांगायची फळाफुलांची चौकट) गेली सतरा वर्षे मीच बांधते, स्टुलावर चवड्यांवर उभी राहून. तोवर निदान डाव्या पायावर उभे राहून जमेल का?

हाडांचा_डॉक्टर

नाही. डावा पाय घसरला तर आधाराला जमिनीवर येणार तो उजवाच. सहाव्या आठवड्यात पुन्हा एक्स-रे निघेल आणि त्यानंतरच भार किती द्यायचा ते ठरेल. आरतीला पाटावर मांडी घालून बसण्याऐवजी खुर्चीवर बसा, पाय समोरच्या दुसऱ्या खुर्चीवर ठेवा.

पोफळीची_सावली

बरे. मुलगा स्टुलावर चढेल आणि मी खुर्चीतून गाठी सांगेन. नारळ आणि सुपारीचे घोस कुठल्या पट्टीला येतात ते आजच वहीत काढून ठेवते, कारण गेल्या वर्षी त्याने नुसती तोरिंगे (मोठी लिंबूवर्गीय फळे) टांगली होती तीसुद्धा नैवेद्याच्या पानावर उतरली.